कोऱ्या कॅनव्हासवरचा चेहरा

प्रिय हँडलबहाद्दर,

तू गाव सोडल्यापासून कॅमेऱ्याचं हँडल नवा माणूस फिरवतो. हात बरा आहे, पण दमला की वेग मंदावतो आणि पडद्यावर सगळी मंडळी कुत्रं मागे लागल्यासारखी पळतात. मग कात्री घेऊन निस्तरत बसते मी. तुझी आठवण येते ती अशी, कामातून.

सिनेमा तोच आहे, वेड्या चित्रकाराचा. कोऱ्या कॅनव्हासपुढे गुडघे टेकून बसलं की चित्र आपोआप उमटेल, ही त्याची श्रद्धा. आता दिग्दर्शकांनाही तेच वेड लागलंय. जेवण नाही, झोप नाही. बिचाऱ्या नटाचे गुडघे सोलून निघाले, पण ज्याचं जळतं त्यालाच कळतं.

परवा त्या प्रसंगाचं रीळ धुऊन आलं. पडदे ओढून आम्ही ते पाहायला बसलो, आणि कोऱ्या कॅनव्हासवर खरंच एक चेहरा उमटला. धूसर, पाण्याखालून हळूहळू वर आल्यासारखा. नट ताडकन उठला. जन्मात कधी हात न जोडलेले दिग्दर्शक हात जोडून उभे राहिले. चेहरा हसला, काहीतरी बोलला आणि मग डाव्या हाताने त्याने नाक खाजवलं.

अरे, ही खोड आपल्या लेकीची, आपली चिमणी ती! तापात गेली त्याच्या थोडं आधी तू उरलेल्या फिल्मवर तिला खिडकीत टिपलं होतंस. नंतर त्या रिळासाठी तू कपाटं पालथी घातलीस. ती न धुतलेली डबी कोऱ्या रिळांत जाऊन बसली होती, आणि नव्या माणसाने तीच पुन्हा कॅमेऱ्यात चढवली, म्हणून एकाच फिल्मवर दोन्ही चित्रं उमटली. मी दिग्दर्शकांना सगळं सांगितलं. ते रडले, आणि म्हणाले, मग हा चमत्कार नाही तर काय? तेव्हापासून मी जागी आहे की झोपेत, मलाच कळत नाही.

मूकपटातल्या संवादांच्या पाट्या मीच लिहिते, तुला ठाऊक आहे. तिच्या बोलण्याची पाटी अजून कोरी आहे. दिग्दर्शकांना तिथे देववाणी हवी आहे. मी अडून बसलेय, तिचेच शब्द येतील. पण कितीदा ते ओठ पाहिले तरी मला उमगत नाही. तेव्हा तिच्यासमोर तू होतास, मी नव्हते. तिचा चेहरा आठवेनासा झाला म्हणूनच तू घर सोडलंस ना? मग ये. पत्राने कळवू नकोस. माझ्या शेजारी बस, तिच्याकडे बघ, आणि ती काय म्हणाली ते मला सांग.

तुझीच,
कात्रीवाली