सदोष उच्चारांचं घर

ती. वहिनींस,

धाकट्या दिराचा साष्टांग नमस्कार. (हा आता फक्त कागदावरच घडू शकतो. मागच्या महिन्यात वर्गात 'जमिनीवर कोसळणे' करून दाखवताना मी खरोखरच कोसळलो आणि उठवायला तिघं लागले. तेव्हा आठपैकी जेवढी अंगं वाकतात तेवढी वाकवली आहेत, उरलेली मनाने वाकली असं धरून आशीर्वाद द्यावा.) तुमचा गुडघा काय म्हणतो? दादा डोळ्यांचे थेंब डोळ्यांतच घालतो ना? इकडे आम्ही दोघं खुशाल. तुमची जाऊ रोज सकाळी आठला दातांच्या प्रयोगशाळेत जाते आणि लोकांच्या कवळ्या घडवते. मी लोकांच्या तोंडात शब्द घालतो, ती दात घालते. तिचं काम जास्त टिकतं, हे ती आठवड्यातून एकदा तरी ऐकवते.

मागच्या पत्रात तुम्ही विचारलंत, "भाऊजी, तिकडे तुम्ही नक्की करता तरी काय? शेजारीण विचारते तेव्हा मी 'नाटकात असतात' म्हणते, आणि ती 'अजून?' म्हणते." वहिनी, त्या 'अजून'ने मला चार दिवस चैन पडू दिलं नाही. बागेतल्या बाकावर बसून विचार करत राहिलो. सत्तावीस वर्षं झाली इथे येऊन, आणि मागे वळून बघितलं तर सगळं दुपारच्या झोपेत पडलेल्या स्वप्नासारखं दिसतं. मीच त्यात आहे, पण कपडे दुसऱ्याचे आहेत, आणि समोरचे लोक काहीतरी महत्त्वाचं बोलताहेत, फक्त त्यांचा आवाज जरा उशिराने पोचतो आहे. तरी शेजारणीसाठी सांगतो.

आल्यावर आठ महिन्यांनी मला पहिली भूमिका मिळाली. नोकराची. वाक्य एकच होतं: "साहेब बाहेर गेलेत." मी ते वाक्य अंघोळ करताना, जिना चढताना, रांगेत उभं राहून इतकं घोकलं होतं की तुमची जाऊ झोपेत साहेबांची चौकशी करायची. पण या भाषेत एक स्वर असा आहे की तो नेमका तोडला तर माणूस बाहेर जातो आणि जरा लांबवला तर कायमचा जातो. माझा लांबला. आपल्याकडे लहानपणापासून प्रत्येक हाक लांबवायची सवय, तिला मी काय करणार? साहेबांची बायको झालेली नटी धप्पकन खुर्चीत बसली. (ते नाटकात नव्हतं. बाईंना खरंच धक्का बसला.) प्रेक्षागृह असं शांत झालं की वरच्या पंख्याचं कुरकुरणं ऐकू यायला लागलं. आणि पाच मिनिटांनी साहेब छत्री झटकत आत आले. वहिनी, एवढा हशा मी आयुष्यात ऐकला नाही. दिग्दर्शकाने मला काढून टाकायला बोलावलं आणि म्हणाला, "तुझ्या तोंडून वाईट बातमी फार खरी वाटते."

त्या एका वाक्यावर माझी अकरा वर्षं गेली. डॉक्टर झालो, पोलीस झालो, वकील झालो, दर वेळी दुसऱ्या अंकात यायचो, टोपी काढायचो आणि कुणीतरी गेल्याचं सांगून निघून जायचो. गाव लहान, नाटकवेडं. पावाच्या दुकानातली बाई मला दारात बघितलं की काउंटर घट्ट धरायची. मी नुसता अर्धा पाव मागायचो.

मग नाट्यशाळेचं पत्र आलं. ही शाळा पूर्वी बटणांचा कारखाना होती. अजूनही तालमीच्या खोलीत कुणी जोरात उडी मारली की फळ्यांच्या फटींतून एखादं शिंपल्याचं बटण वर येतं, आणि दुपारी उंच खिडक्यांतून ऊन आत आलं की सगळी धूळ अशी सावकाश तरंगते की शिकवायचं सोडून बघत बसावं. (मी बसतो. विद्यार्थ्यांना वाटतं, सर विचार करताहेत.) मला बोलावलं होतं 'अंगविक्षेप आणि हालचाल' शिकवायला. पण केसांत दोन पेन्सिली खोचलेल्या कारकूनबाईंनी माझं नाव चुकून खालच्या ओळीत लिहिलं, आणि ती ओळ होती 'वाणी आणि उच्चार'. मी! उच्चार! मी धावत प्राचार्यबाईंकडे गेलो आणि चूक सांगितली. ती सांगतानाही दोन उच्चार चुकले. त्या चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "या भाषेत जन्मलेल्यांना आपली जीभ कुठे लागते ते माहीतच नसतं. तुम्हाला शोधावं लागलं असेल. शिकवा." त्यांच्याकडे दुसरं कुणी नव्हतं, हे मला नंतर कळलं. पण बोलल्या ते खोटं नव्हतं. चौदा वर्षं मी कारखान्याच्या त्या उन्हात मुलांना त्यांचीच जीभ दाखवत राहिलो.

आता मुख्य गोष्ट. गेल्या वर्षी वार्षिक नाटक बसवायचं काम माझ्याकडे आलं. एका घरात पियानो विकायचा की ठेवायचा, एवढंच कथानक. त्यात आई, तीन मुलं आणि पियानो न्यायला आलेलं गिऱ्हाईक. मी बसवतो कसा, तर आपल्याकडे मास्तर बसवायचे तसा: वाक्य मी म्हणायचं, मग त्यांनी म्हणायचं. दोन महिने म्हटलं. मुलं गुणी, वर्गात बावीस जण, कुणी स्टेजवर, कुणी दिव्यांवर, सगळ्यांना सगळं पाठ. मला काही वेगळं जाणवलं नाही. माणसाला आपल्या घराचा वास कुठे येतो?

प्रयोगाला बाहेरचे परीक्षक आले. त्यांच्या गुणांवर अख्ख्या वर्गाचं वर्ष अवलंबून, आणि माझी नोकरीही. मी विंगेत उभा. दिव्यांवरच्या मुलाला खूण द्यायची होती, मी हात खाली केला की दुपारची संध्याकाळ करायची. पहिला प्रवेश झाला. दुसऱ्यात थोरला मुलगा भांडून निघतो आणि आई त्याला म्हणते, "खाऊन तरी जा." आईचं काम करणारी मुलगी माझ्यापेक्षा चार बोटं उंच, आवाज एखाद्या तुतारीसारखा. तिने आधी जिभेने च्च केलं. मग मान जराशी तिरकी केली. मग 'तरी' शब्दावर थोडी थांबली आणि 'जा' असं ओढलं, की त्याचा अर्थ 'जाऊ नकोस' झाला.

वहिनी, तुम्ही आमच्या घरात आल्यावर आमच्या आईला बोलताना पाच वर्षं तरी ऐकलं आहे. तुम्हाला वेगळं सांगायला नको. त्या मुलीने आईचं नावही कधी ऐकलेलं नाही. आणि नुसती तीच नाही, धाकटा मुलगाही तसाच बोलत होता, बहीण तशीच, पियानोचं गिऱ्हाईकसुद्धा दारात उभं राहून आपल्या ओट्यावर बसल्यासारखं बोलत होतं. परक्या भाषेत, परक्या पोरांच्या तोंडून, आपलं अख्खं घर माझ्यासमोर फिरत होतं. मी तिथे किती वेळ उभा होतो, ठाऊक नाही. पडदा हाताशी होता, तो धरून ठेवला होता. खूण द्यायची राहूनच गेली. दिव्यांवरचा मुलगा माझ्या हाताकडे बघत बसला, आणि नाटकात संध्याकाळ झालीच नाही. "अंधारायला लागलं, दिवा लाव," असं आई म्हणाली तेव्हाही रंगमंचावर पिवळंधमक ऊन. पियानो गेला, मुलं गेली, आई एकटी राहिली, तरी ऊन तसंच. लोकांना वाटलं, दिग्दर्शकाने मुद्दाम ठेवलं आहे. मागच्या रांगेत कुणीतरी नाक ओढलं.

पडद्यानंतर परीक्षकांनी सगळ्यांना रंगमंचावर बोलावलं. वही मिटली, आणि म्हणाले, "मी हा देश कोपरान् कोपरा फिरलो आहे. ही बोली कुठली?" प्राचार्यबाई पांढऱ्या पडल्या. बावीस मुलांनी एकमेकांकडे बघितलं. त्यांना प्रश्नच कळेना, कारण आपण वेगळं बोलतो हे त्यांच्या गावीही नव्हतं. मी घसा साफ केला. (वाईट बातमी सांगायची सवय होतीच.) पण ती उंच मुलगी माझ्याआधी बोलली. "या घरात असंच बोलतात, सर," ती म्हणाली. तेही च्च करून.

निकालपत्र मी जपून ठेवलं आहे. 'उच्चार: सदोष. परंतु सर्वांचे एकसारखे सदोष असल्याने घर खरे वाटले.' सगळी मुलं पास. प्राचार्यबाईंनी दुसऱ्याच दिवशी मला उच्चारांच्या वर्गातून काढलं आणि दिग्दर्शन विभागाचा प्रमुख केलं. ही बढती की शिक्षा, हे मी त्यांना विचारलं नाही, त्यांनीही सांगितलं नाही. तेव्हा शेजारीण परत विचारेल, तर तिला सांगा: हो, अजून.

गुडघ्याला जपा. जिना मोजून उतरा. घरातल्या थोरामोठ्यांना नमस्कार, लहानांना जे योग्य वाटेल ते.

तुमचा,
धाकटा

ता. क. वहिनी, एक किरकोळ काम. दादा अजून सकाळी पेपर मोठ्याने वाचतो ना, प्रत्येक बातमीवर चिडत? एखाद्या दिवशी मला फोन लावून तो तसाच टेबलावर ठेवून द्या. अर्धा तास पुरे. ध्वनीचा अभ्यास म्हणून हवं आहे, बाकी काही नाही. दादाला सांगू नका.

ता. क. २. वहिनी, मी तुमची जाऊ. पाकीट चिकटवायच्या आधी वाचलं. विद्यार्थी बावीस नव्हते, चौदा होते. नाक ओढणारी मी होते, मला सर्दी झाली होती. आणि ध्वनीचा अभ्यास वगैरे काही नाही. यांनी आपल्या वडिलांवर एकट्याने करायचं नाटक लिहिलंय, पहिल्यांदाच आपल्या भाषेत. प्रयोगाला चार आठवडे राहिलेत आणि बाबांचा आवाज काही सापडत नाही. रोज आरशासमोर उभे राहतात आणि तोंडातून तो बातमी घेऊन येणारा डॉक्टरच निघतो. काल म्हणाले, "बाबांचा आवाज आता फक्त दादाच्या गळ्यात आहे." मी म्हटलं, मग फोन करा. तर म्हणाले, "नऊ वर्षांत दादा फोनवर माझ्याशी 'हं, देतो' एवढंच बोललाय. तेवढ्यावर दोन अंक कसे बसवू?" हसून बोलले, पण ताट तसंच ठेवून उठले. बाबांच्या शेवटच्या दिवसांत हे आले नाहीत याचा राग थोरल्या भाऊजींना आहे, आणि तो चूक आहे असं हेही म्हणत नाहीत. आता तुम्हीच काय ते बघा.

ता. क. ३. हिने नको ते सगळं लिहिलं आहे. पण पाकीट एकच होतं आणि नवीन आणायला दुकान बंद. त्यामुळे पत्र असंच पाठवतो आहे. सकाळी मी घरीच असतो, साडेसहापासून फोनजवळ. वहिनी, पहिल्या ता. क. मधलं शेवटचं वाक्य खोडायचं राहून गेलं आहे. तेवढं तुमच्या हाताने खोडा, आणि मग पत्र दादाला वाचायला द्या. मोठ्याने.