पडायच्या आधी

वाटूरच्या माझ्या आत्याला जय भीम,

कैक वर्षं मी हिरोइनींच्या बदली घोड्यावरून, गच्चीवरून पडले. पडद्यावर तोंड त्यांचं, पाठ माझी. आता कुणी कुठून अन् कसं पडायचं, ते मी ठरवून राह्यले. सेटवर मला सगळे मास्टर म्हणतात. मास्टरीण न्हाई, मास्टर!

काल एका नव्या पोरीची तिसऱ्या मजल्यावरून उडी होती. ती वर कठडा धरून उभी, सोडायलाच तयार न्हाई. मंग मी खालच्या गादीला दणादण थापडा मारल्या अन् वरडले, "माझ्या लेकीला लागलं तर बघ, मेले!" सगळे हसले, पोरगी बी हसली, अन् बराबर पाठीवर पडली. खरचटलंसुद्धा न्हाई.

डायरेक्टर म्हणले, "मास्टर, हे कुठलं ट्रेनिंग?"

मी म्हणलं, "वाटूरची."

हे पत्र टाकणार न्हाई. तुझी सून शीतल वाचून दाखवील अन् मजले ऐकूनच तुझं बीपी चढंल. पण आत्या, लहानपणी मी चिंचेवरून पडल्यावर तू धावत येऊन जमिनीला मारायचीस. मी पोरी पडायच्या आधीच गादीला मारते.

तुझी,
सत्यशीला मास्टर