उलटी गाठ

माझ्या हरलेल्या दादास,

अरे, लागला! दिवा लागला माझ्या घरात! बटण दाबलं आणि शिलाई मशीननं असा काही सूर धरला, की हातात आली त्या चिंधीवरच मी टिपा मारत सुटले.

पुढचं घर तुझं, मागचं माझं. "माझ्या अंगणावरून हिची तार गेली, तर बापाचं नाव लावणार नाही," असं तू कोर्टात म्हणालास. मीही त्याच बापाची, हटले नाही. निकाल माझ्या बाजूनं लागला, पण एका अटीवर: तुझ्या पेरूची फांदी तोडायची नाही.

आज वायरमन आला आणि मान वर करून म्हणाला, "ताई, फांदी न तोडता तार नेऊ कशी? मी जेवून येतो, तुम्ही वकिलांना विचारा." माझं डोकंच फिरलं. जिंकूनही अंधारच!

तो जेवून आला, तर फांदी दोरीनं बाजूला ओढून बांधलेली. तुझं दार बंद.

"कुणी बांधली हो?"

"कुणास ठाऊक," मी म्हटलं.

दादा, दिवसभर मी दोऱ्यांशीच खेळते. ती गाठ उलटी होती, डावखुऱ्या हाताची. आपल्या गल्लीत डावखुरा एकच आहे.

वकीलसाहेबांनी बजावलंय, अपिलाची मुदत संपेपर्यंत तुला एक अक्षरही लिहायचं नाही. म्हणून हे पत्र मशीनच्या खणात ठेवते आणि अंगणाकडचा दिवा चालू ठेवते. उजेड थेट तुझ्या पायरीपर्यंत येतोय. गाठ सैल झाली, तर दिसेल तुला.

तुझी,
जिंकलेली धाकटी