कलम चोवीस आणि मी

३ जून, सोमवार
आजपासून रोजनिशी. वकीलबाई म्हणाल्या, तारखा लिहून ठेवत जा.
मोठी बातमी. हिंदू विवाह कायदा, कलम २४. घटस्फोटाची केस चालू असेपर्यंत ज्याला उत्पन्न नाही, त्याला दुसऱ्याने पोटगी द्यायची. आणि ती नवऱ्यालाही मागता येते! बायकोची फिजिओथेरपीची दोन क्लिनिक्स आहेत. माझं उत्पन्न सध्या शून्य. घटस्फोट तिने मागितलाय, मग भर म्हणावं.
दरमहा चाळीस हजार मागायचे. प्रश्न पैशांचा नाहीच, तत्त्वाचा आहे. पण तत्त्वाला चाळीस कमी वाटतात. पंचेचाळीस.

५ जून
ताईला सांगितलं. (मी सध्या तिच्याकडे, हॉलमधल्या सोफ्यावर. तात्पुरता. सातवा महिना.) ताईने हातातली सुरी खाली ठेवून विचारलं, अरे, जनाची नाही तर मनाची तरी? मी शांतपणे समजावलं की कायद्यापुढे स्त्री-पुरुष समान असतात. ती म्हणाली, मग हे कांदे चीर. दाजींनी टीव्हीचा आवाज वाढवला. हसू लपवायला, दुसरं काय.

१२ जून
उत्पन्नाचं प्रतिज्ञापत्र. वकीलबाईंनी 'बेरोजगार' असं टाइप केलं. मी हरकत घेतली. अकरा वर्षं ऑफिसच्या खुर्च्यांच्या कंपनीत सेल्स मॅनेजर होतो मी. 'स्वतंत्र व्यवसाय सल्लागार' लिहा म्हणालो. त्यांनी विचारलं, तुमचा सल्ला कोण घेतं? सध्या तरी कोणी नाही. मग बेरोजगार, म्हणाल्या. सही केली.
दिवसभर तो शब्द डोक्यात. संध्याकाळी लॅपटॉप उघडून ऑनलाइन प्रोफाइल दुरुस्त केलं. फाउंडर अँड चीफ स्ट्रॅटेजिस्ट. माणसाने स्वतःच्या नजरेत तरी उभं राहावं.

२ जुलै
सुनावणी ८ तारखेला. वकीलबाईंची सूचना : कमी बोला, गरजू दिसा.
संकल्प : १) दाढी करायची नाही. २) कोट घालायचा नाही. ३) मान किंचित खाली.
आरशासमोर सराव केला. ताईच्या मते मी गरजू नाही, अपचन झाल्यासारखा दिसतो.

८ जुलै
सकाळी दहापासून बाकावर. पंख्याखालची जागा नेमकी तिच्या वकिलाने पकडलेली. बायको आली आणि भिंतीला टेकून फोनवर पेशंटला सांगत बसली, गुडघा सरळ, आता हळू वाकवा. शांतपणे. माझ्याशी अशा आवाजात शेवटचं कधी बोलली, आठवत नाही.
जाताना तिने विचारलं, कसा आहेस? मी उत्तर दिलं नाही. कमी बोलायचं ठरलं होतं.
साडेचार वाजता कळलं, तिच्या वकिलाला कागदपत्रांसाठी मुदत हवीय. पुढची तारीख. दिवस फुकट.

२२ जुलै
कोट घातला. पाऊस होता, छत्री एकच, ती दाजींनी नेली. नाइलाज.
तिच्या वकिलाने माझ्या प्रोफाइलची प्रिंट काढून आणली होती. रंगीत! फाउंडर, चीफ स्ट्रॅटेजिस्ट, चौदा शहरांत क्लायंट. न्यायाधीश मॅडमनी विचारलं, हे तुम्हीच का? वकीलबाई माझ्या बुटावर बूट ठेवून उभ्या होत्या. मी म्हणालो, हो, पण तो केवळ व्हिजनचा भाग आहे. मग मॅडमनी विचारलं, तुम्हाला काम मिळत नाही, की तुम्ही शोधत नाही?
आता काय सांगायचं? मिळत नाही म्हटलं तर भर कोर्टात, बायकोसमोर, नालायक ठरतो. म्हणालो, मॅडम, मला काम मिळणं काय अवघड आहे? उद्या मिळेल. माझ्या लेव्हलचं नसतं म्हणून मीच नाकारतो.
मॅडमनी ते लिहून घेतलं. बराच वेळ लिहीत होत्या. मला वाटलं, छाप पडली.
बाहेर आल्यावर वकीलबाई जिन्यावर मटकन बसल्या. त्यांना पाणी आणून दिलं.

९ ऑगस्ट, शुक्रवार
अर्ज फेटाळला. 'अर्जदार सुशिक्षित, धडधाकट असून काम मिळू शकते असे स्वतःच सांगतो.' माझंच वाक्य. माझ्याच विरुद्ध.
कॉरिडॉरमध्ये बायको भेटली. मी ठणकावलं, अपील करणार. ती चिडली नाही. म्हणाली, तुला अजून वाटतं, तुझी नोकरी गेली म्हणून मी सोडतेय? नोकरी गेल्यावर आठ महिने तू रोज नऊला बॅग घेऊन निघत होतास. मी पहाटे उठून तुझा डबा भरत होते. तू विसरलेला फोन द्यायला ऑफिसात गेले, तर रिसेप्शनवरची मुलगी मला म्हणाली, मॅडम, ते आता इथे नसतात. आठ महिने, रे. घरी येऊन मीटिंग कशी झाली तेही सांगायचास.
मी म्हणालो, तुला काळजी नको म्हणून. ती म्हणाली, खरं सांग.
मी निकालाच्या कागदाची घडी घातली. ते आठ महिने बहुतेक वाचनालयात गेले. बुधवारी ते बंद असे, तेव्हा स्टेशनच्या वेटिंग रूममध्ये. डबा तिथेच खायचो. भाजी कधी खारट नसायची. हे मी तिला एकदाही म्हटलेलं नाही, आजही राहिलं.
तिने घड्याळ पाहिलं. मग पेशंट वाट बघत असतील म्हणून गेली.

११ ऑगस्ट
वकीलबाईंना कळवलं, अपील नको. संमतीने घटस्फोट असेल तर सही करतो. त्या म्हणाल्या, अरे वा.
सकाळी सातला उठलो. दाढी केली. शर्टाला इस्त्री. ताईने विचारलं, कुठे? म्हटलं, नोकरी बघायला. खरंच. लेव्हलबिव्हल काही नाही, मिळेल ती. ताई माझ्याकडे बघतच राहिली. म्हणाली, थांब, डबा देते. नको म्हणालो.
बूट घालून दाराशी पोचलो, तेव्हा ती हळूच म्हणाली, अरे, आज रविवार आहे.