जप्त कॅमेऱ्यातील चेहरा पुसून मिळण्याबाबत

प्रति,
मा. प्रांताधिकारी,
सानबोआ प्रांत, बुर्किना फासो

विषय: जप्त कॅमेऱ्यातील चित्रण, कोणीही न पाहता, माझ्यासमोर नष्ट करण्याबाबत.
संदर्भ: नाक्यावरील जप्तीची पावती, दि. २१ मे.

महोदय,

मी आसेता झोंगो, बावीस वर्षे माहितीपटांसाठी कॅमेरा चालवते. टोळधाड, निवडणुका, निर्वासित छावण्यांतली बाळंतपणे मी टिपली आहेत. चेहरा दाखवू नका असे ज्याने म्हटले, त्याचा चेहरा मी या महिन्यापर्यंत कधीही घेतला नव्हता.

३ मे रोजी बांगताका येथील सोन्याची खाण ढासळली. मालकाने दोन मृत्यू नोंदवले. प्रत्यक्षात नऊ माणसे गेली. नोंद नसलेल्या सातांपैकी एकाची पत्नी बोलायला तयार झाली. तिचे नाव इथे लिहीत नाही. "ताई, फक्त हात घ्या," ती म्हणाली, "मला अजून तिथंच माती चाळायचीय." मी कबूल केले. ती एकेक नाव सांगत गेली. नवऱ्याच्या नावापाशी थांबली, आणि मी कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर नेला. परतताना नाक्यावर पोलिसांनी कॅमेरा ठेवून घेतला.

काल दुपारी खाणीवरचा मुकादम माझ्या अंगणात आला. रीतीप्रमाणे मी पाणी दिले. ते सावकाश पिऊन तो म्हणाला, "बुधवारी कॅमेरा आमच्याकडे येतोय, ताई. तुमच्या कामात चेहरे फार स्वच्छ दिसतात म्हणे."

मी तडक त्या विधवेकडे गेले. तिने एवढेच विचारले, "हातच घेतलेत ना?" मी हो म्हणाले. "मग बसा, देगे खाऊन जा," असे म्हणून तिने दह्यात कालवलेली बाजरी पुढे केली. मी ती खाल्ली. खरे सांगायचे धैर्य झाले नाही, ते आपणासमोर सांगत आहे.

ते माझ्या हातून झालेले सर्वांत चांगले चित्रण आहे, हे मी जाणते. तरी ते बुधवारपूर्वी पुसावे. पुरावा नष्ट होतो अशी आपली हरकत असल्यास, सातही नावे मला पाठ आहेत, ती सोबत जोडली आहेत. कोणी सांगितली, हे विचारल्यास मी सांगणार नाही. त्या यादीखाली साक्षीदार म्हणून माझी सही आणि घरचा पत्ता आहे. मुकादमाला तो ठाऊकच आहे.

उत्तर मिळेपर्यंत आपल्या कचेरीच्या फाटकाशी बसलेली,
आपली नम्र,
आसेता झोंगो
सोमवार, २६ मे

सोबत: १) जप्तीची पावती २) सात मृतांची नावे, माझ्या हस्ताक्षरात