वाऱ्याने लावलेलं फाटक

प्रिय ऑरिन,

तुझ्या मरणावर मी चार कादंबऱ्या लिहिल्या. चारही कादंबऱ्यांत फाटक वाऱ्याने लागतं. आता एकीचा सिनेमा होतोय. पटकथा माझीच, आणि शूटिंग मोंटानातल्या आपल्याच कुरणात.

परवा आईने पटकथा वाचली. चष्मा काढून म्हणाली, "लेलंड, आपल्या फाटकाला तारेचा फास आहे. तो ओढून खांबावर चढवावा लागतो. वारा कसा चढवेल?"

मी तिच्यासमोरची पटकथा उचलायला हात पुढे केला. तिने पानांवर हात ठेवला.

"फाटक जसं दिसेल तसंच सोडायचं, हे बापाने तुम्हाला घोड्यावर बसवायच्या आधी शिकवलं होतं. त्या हिमवादळात ऑरिन गुरं घेऊन परतणार, म्हणून मीच ते उघडं ठेवलं होतं. गावातून सगळ्यात शेवटी तू आलास."

एरवी ते बंद असायचं, म्हणून मी विचार न करता लावलं. गारठलेल्या बोटांनी तुला तो फास काढता आला नाही. आईला हे एकतीस वर्षं ठाऊक होतं.

"सिनेमात तरी उघडं ठेव," एवढंच ती म्हणाली.

ठेवलं. आज तुझं काम करणारा नट गुरांसकट घरी पोचला. सगळे गेल्यावर मी शेवटी निघालो. आता लिहिताना तळहात दुखतोय म्हणून पाहिलं, तर त्यावर तारेचा ताजा वळ आहे.

बाहेर बर्फ पडायला लागलाय. पत्र अर्धंच ठेवतो. आधी फाटक उघडून येतो.

तुझा धाकटा भाऊ,
लेलंड