दुसरी तोटी

ता. ९ मार्च, रविवार
सकाळी साडेआठ

प्रिय बुटके,

तुला आशीर्वाद. पन्नाशी उलटली आणि चार माणसं उठून नमस्कार करतात म्हणून काही तुझी उंची वाढलेली नाही. माझ्या पत्रात तू बुटकीच.

तुझं पत्र पोचलं, त्यातले सहलीचे दोन पासही पोचले. इकडे सगळं ठीक. माझे गुडघे आणि तुझ्या भाऊजींचं पित्त, दोन्ही जागच्या जागी आहेत. कवळ्यांच्या कारखान्यात अजून आठवड्यातले पाच दिवस जाते. परवा एका गृहस्थांची वरची कवळी इतकी झकास बसली की ते आरशासमोरून हलेनात. डॉक्टरांना हात जोडून म्हणाले, तुमच्या हातात जादू आहे. मी आतल्या खोलीत हाताला लागलेलं प्लास्टर धूत होते. असो.

फोन का केला नाही म्हणशील. फोनवर तू मधे मधे बोलतेस, आणि मग मी गोड गोड बोलून मोकळी होते. तीस वर्षं तेच चाललंय. म्हणून कागद घेतला. शेवटपर्यंत वाच, मधेच चष्मा काढून ठेवू नकोस.

तर बुधवारी आम्ही तुझं संग्रहालय बघून आलो. तू मुद्दाम तुझ्या बैठकीचा दिवस बघून पास पाठवलेस की काय देव जाणे, पण एका परीने बरंच झालं. आजवर तू बोलावलंस आणि मी दर वेळी काहीतरी काढलं, कधी पाहुणे, कधी गुडघे. या वेळी भाऊजींनी पास बघितले आणि आदल्या दिवशीच टोपी धुऊन वाळत घातली. मग काय बोलणार?

बसमध्ये आम्ही एकोणतीस जण. गाइड म्हणजे एक तरतरीत पोरगी, हातात पिवळी छत्री. ऊन असो नसो, छत्री उघडून वर धरायची आणि आम्ही तिच्यामागून मेंढरांसारखे. पहिल्या दहा मिनिटांतच तुझ्या भाऊजींनी शेजारच्या सीटवर जाहीर केलं, "संग्रहालयाच्या मॅडम आहेत ना, ही त्यांची सख्खी थोरली बहीण!" झालं. सगळी बस माझ्याकडे वळली आणि तुझ्याबद्दल विचारायला लागली. लहानपणापासूनच हुशार का? घरीही एवढ्या साध्या का? मी काय करते हे एकीनेही विचारलं नाही. मी आपली हसत होते. कवळी नसूनही जबडा दुखला.

दारातच तुझा फोटो. दाराएवढा उंच! फोटोत तू चक्क माझ्यापेक्षा उंच आहेस, हे कुणाच्या डोक्यातून आलं गं? आणि आपली खोदकामाची शेड आता तिकीटघर झाली. जिथे आपण बसून दात घासायच्या ब्रशांनी खापऱ्या धुवायचो तिथे टोप्या आणि पाण्याच्या बाटल्या विकतात. कोपऱ्यातलं जोडकामाचं टेबल कुठे गेलं विचारलं, तर टोप्यावाला म्हणाला, कसलं टेबल?

पुढे ते सगळं. चार हजार वर्षांपूर्वीचे रस्ते, घरांचे पाये, विहिरी. भाऊजी गटारांपाशी असे अडकले की विचारू नकोस. पाणीखात्यात अख्खी नोकरी गेली ना. जमिनीला गाल टेकवून उतार बघत होते. "बघ, बघ, हा उतार आमच्या इंजिनिअरला कधी जमला नाही!" छत्रीवाली दोनदा ओरडली, "काका, दोरीच्या आत नको!" लोकांचं त्यांच्यामुळेच जास्त मनोरंजन झालं.

मला मात्र कधी एकदा शेवटच्या दालनात जाते असं झालं होतं, आणि जाऊच नये असंही वाटत होतं.

तिथे ती होती. काचेत, मखमलीवर, वरून दिवा सोडलेला. तुझी दोन तोट्यांची झारी. तिकिटावर तीच, बसवर तीच, शाळेच्या पुस्तकात तीच. छत्रीवालीने छत्री मिटली आणि आवाज खाली आणला. म्हणाली, "अशी झारी जगात दुसरीकडे कुठेही सापडलेली नाही. सांगा बघू, दोन तोट्या कशाला असतील?"

भाऊजी म्हणाले, "एक नवऱ्याची, एक बायकोची. आधी कोण पिणार म्हणून भांडण नको." सगळे हसले. कुणी म्हणालं एक गरम पाण्याची, एक गार. आणि मी, बुटके, माझ्या तोंडून निघून गेलं, "दुसरी चुकून बसवली असेल."

पुन्हा हसले सगळे. ती पोरगीसुद्धा हसली, पण मायेने. म्हणाली, "नाही काकू. ही झारी मॅडमनी स्वतःच्या हातांनी जोडलीय. चूक कशी होईल?" आणि तिने पाटीकडे बोट दाखवलं. मी चष्मा वर करून वाचलं. शोध आणि जोडणी, आणि पुढे तुझं नाव.

शोध, ठीक आहे. पण जोडणी?

मी तिथल्या बाकावर जाऊन बसले. भाऊजींना वाटलं ऊन लागलं. त्यांनी टोपीने वारा घातला, कुणीतरी पाणी दिलं. माझ्या डोक्यात एकच. अगं, तुला शेडमध्ये हाताला धरून कुणी आणलं? खापरीची कड जिभेला लावून माती कशी ओळखायची, डिंक किती पातळ ठेवायचा, जोडलेलं भांडं वाळूच्या घमेल्यात तिरकं कसं उभं करायचं, हे कुणी शिकवलं? तुझे पहिले तीन जोड मी तुझ्या नकळत सोडवून पुन्हा बसवले होते. आणि पाटीवर जोडणी तुझी! ती पाटी तू लिहिलीस की तुझ्या ऑफिसातल्या कुणी, मला माहीत नाही. पण रोज तिच्यासमोरून जातेस तरी गप्प राहिलीस ना? गप्प राहायचं आपल्या दोघींच्या रक्तातच दिसतंय.

कारण मीही राहिलेय. आता ऐक.

ती दुसरी तोटी त्या झारीची नाही.

झारी सात नंबरच्या खड्ड्यातली. तिच्या एका अंगाला भोक पडलं होतं, तिथला तुकडा सापडतच नव्हता. आणि अकरा नंबरच्या खड्ड्याच्या तबकात एक सुटी तोटी पडून होती, साधारण त्याच रंगाची. सहज भोकावर धरून बघितली तर अशी बसली, जशी काही तिथलीच. गंमत म्हणून तशीच ठेवली. सकाळी काढणार होते. पण सकाळी तू माझ्याआधी आलीस, घमेल्यात झारी बघितलीस, आणि "ताई, दोन तोट्या!" असं ओरडत खोदकामाच्या साहेबांकडे पळालीस. मी दारात चप्पल काढत होते. मला बोलायला फुरसतच मिळाली नाही.

आत्ता चहा घेऊन आले आणि वर लिहिलेलं वाचलं. तू इतकी वर्षं या कामात आहेस, तुझ्या लक्षात आलंच असेल. सहज धरून बघितलेली तोटी रात्रभर भोकात राहत नाही.

त्याच्या आदल्या दुपारी साहेबांनी मला बोलावून सांगितलं होतं की शिक्षणाला पाठवायची एकच जागा आली आहे आणि ती तुला द्यायची. तुला अजून कळलं नव्हतं. मला शेडमध्ये सहा वर्षं झाली होती, तुला दीड. साहेब म्हणाले, "तुमचा हात चांगला आहे हो, पण धाकटीला बोलता येतं." मी म्हटलं, उत्तम झालं साहेब. आणि बाहेर आले.

पाच वाजता सगळ्या बाया गेल्या. मी थांबले. तोटी बसवली. कडेने प्लास्टर भरलं, त्यात झारीच्याच मातीची पूड मिसळली, म्हणजे रंग उठून दिसू नये. आणि त्याआधी, बुटके, ब्लेडने तोटीच्या आतला खड्ड्याचा शाईचा आकडा खरवडला. अकरा होता तो. तिथे काही उरलं नाही. हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही, भाऊजींनाही नाही.

मला काय हवं होतं तेही सांगते. तू उतावळी, हे मला माहीत होतं. तू बघशील, नाचशील, साहेबांना सांगशील, आणि आठ दिवसांत एखादा जाणकार येऊन म्हणेल, हे काय खूळ! तू सगळ्यांदेखत तोंडावर पडशील आणि जागा मला मिळेल. मला तू पडायला हवी होतीस. माझ्या पाठची तू, पण मला तू पडायला हवी होतीस.

आणि झालं काय? जाणकार आले, त्यांनी झारी हातात घेतली आणि डोळे मोठे केले. एकही माईचा लाल बोलला नाही. तू तिच्यावर लेख लिहिलास, तुला मान मिळाला, तू शिकायला गेलीस, परत आलीस ती मॅडम होऊन. आईने कात्रणं जपून ठेवली. आल्यागेल्याला दाखवायची, आणि चहा मला करायला सांगायची. चहा करता करता मी जळायचे. कशावर? माझ्याच लबाडीवर! तुझं जे जे कौतुक झालं ते माझ्या हातच्या खोट्याचं झालं, आणि त्याचाच मी मत्सर करत बसले. असला मत्सर कुणी केला असेल का गं?

आता तू पत्रात लिहितेस की झारी परदेशात प्रदर्शनाला जाणार, आणि त्याआधी अठ्ठावीस तारखेला क्ष-किरणांच्या यंत्राखाली तपासणार. पत्रकार येणार, तू बाजूला उभी राहणार, आणि ताई तू पुढच्या रांगेत बस. किती आनंदाने लिहिलंयस! बुटके, आमच्याकडे त्या किरणांनी दाढेच्या पोटातली कीड दिसते. तिथे बोटभर प्लास्टर दिसणार नाही? दोन खड्ड्यांची वेगवेगळी माती दिसणार नाही? सगळं दिसेल. मग लोक पाटीकडे बघतील. जोडणी कुणाची? तुझी.

तीस वर्षांपूर्वी मी जे मागितलं होतं ते आता पुढच्या रांगेत बसून बघायला मिळणार आहे. खरं सांगते, पत्र वाचलं तेव्हा पहिलं पाऊण मिनिट मला बरं वाटलं. मग पत्र उलटं करून ठेवलं, पुन्हा वाचवेना.

म्हणून हे कर. हे पत्र मिळेल त्याच दिवशी ते घेऊन तुझ्या वरच्यांकडे जा. तपासणीच्या आत गेलं पाहिजे, नंतर गेलीस तर कुणी विश्वास ठेवणार नाही. आधी गेलीस तर तू फसलीस, एवढंच म्हणतील. फसवलंस असं म्हणणार नाहीत. दुःख होईल, लेख जातील, बसवरचं चित्र जाईल. पण तू खोटी ठरणार नाहीस. मला विचारायला कुणी आलं तर मी घरीच आहे. ब्लेड कसं धरलं तेसुद्धा दाखवीन.

आणि ती पाटी बदल. झारी फेकून देणार असतील तरी आधी पाटी बदल. जोडणी, आणि पुढे माझं नाव, माहेरचं, कारण तेव्हा तेच होतं. ताईने माझ्यासाठी सगळं अंगावर घेतलं असं म्हणून डोळे पुसू नकोस. तसलं काही नाही. मी बाकावरून उठून काचेला नाक लावून बघितलंय. कुठे चीर नाही, कुठे रंग उडालेला नाही. मला माहीत असूनही सांधा सापडत नव्हता. तुला असली जोडणी जन्मात जमली नसती. ती माझी आहे आणि मला ती हवी आहे.

फोन करू नकोस. पाटी बदललीस की तिचा फोटो पाठव.

तुझी ताई,
झारी जोडणारी